इंदूरात राहून फिल्म एडिटर होता येतं का?

तुझा प्रश्न मी असा समजलो. वय 22, देवी अहिल्या विद्यापीठातून पत्रकारितेची पदवी, गेल्या वर्षभरापासून विजय नगरच्या एका स्टुडिओत लग्नांचे व्हिडिओ कापतेस. प्रीमिअर आणि रिझॉल्व्ह ही एडिटिंगची सॉफ्टवेअर येतात, आणि आता सिनेमाची एडिटर व्हायचंय. घरात तीन मतं आहेत. आई म्हणते पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटची परीक्षा दे. दादा म्हणतो बॅग भर आणि मुंबई गाठ. बाबांनी कुठेतरी वाचलंय की हे सगळं आता एआय करणार, त्यापेक्षा बी.एड. कर. नवा कॉम्प्युटर कुठला घ्यायचा हेही बाबांनीच विचारलंय, त्यावरून त्यांचं मत फार पक्कं नसावं.

आधी उत्तर देतो, कारणं मागाहून. मुंबईला जावंच लागेल, पण आत्ता नाही. साधारण वर्षभराने, आणि कोणाच्या तरी हाताखाली जागा ठरवून. इन्स्टिट्यूटची परीक्षा जरूर दे, पण सगळी भिस्त तिच्यावर ठेवू नकोस. या कामातलं बहुतेक सगळं इंदूरात शिकता येतं. एकच गोष्ट इथे मिळत नाही, ती म्हणजे मुरलेल्या एडिटरच्या शेजारची खुर्ची. त्याची बटणं बघायला नव्हे. तो एखादा टेक, म्हणजे एका शॉटची एक खेप, का टाकतो आणि दुसरा का ठेवतो, ते टाकता-ठेवताना बघायला. मी हे काम अंधेरी-वर्सोव्यात बरीच वर्षं केलं आणि आता इंदूरातून करतो, त्यामुळे दोन्हीकडचं बघून बोलतोय.

शेजारी बसून काय दिसतं ते एका सीनवर सांगतो. स्वयंपाकघर आहे. वडील जेवायला बसलेत, मुलगी पोळी वाढतेय. वडील विचारतात, "केव्हा निघणार?" ती म्हणते, "सोमवारी." वडील म्हणतात, "बरं." सीन संपला. शूटिंगमधून हाती आलंय ते असं: दोघांना एकत्र दाखवणारा मास्टर, वडिलांच्या चेहऱ्याचा क्लोज, मुलीचा क्लोज, नुसत्या ताटाचा एक इन्सर्ट, प्रत्येकाचे चार-पाच टेक. नवा मुलगा हा सीन पाच मिनिटांत लावतो. जो बोलेल त्याचं तोंड दाखवायचं. त्यात चूक काही नाही, सीन कळतो. फक्त बघणाऱ्याला काही होत नाही.

आता वडील प्रश्न विचारत असताना मुलीवर राहून बघ. हा प्रश्न आज ना उद्या येणार हे तिला माहीत होतं, आणि ते तिच्या थबकलेल्या हातात दिसतं. मग "सोमवारी" हा शब्द तिच्या तोंडी न दाखवता वडिलांच्या क्लोजवर ऐकव. आवाज तिचा, चेहरा त्यांचा. लगेच सीन वडिलांचा झाला. उरलं "बरं". "सोमवारी" संपल्यावर 12 फ्रेमने, म्हणजे सिनेमाच्या 24 फ्रेमच्या हिशेबात अर्ध्या सेकंदाने "बरं" आलं, तर माणूस रागावलाय, विषय तोडतोय. 30 फ्रेमने, सव्वा सेकंदाने आलं, तर त्याला लागलंय आणि तो ते गिळतोय. नटाने "बरं" एकाच प्रकारे म्हटलंय. ते कुठल्या अर्थाचं, हे टाइमलाइनवर, म्हणजे शॉट एकापुढे एक लावायच्या पट्टीवर, ठरलं.

पण या 30 फ्रेम आणायच्या कुठून? टेकमध्ये तर नटाने उत्तर पटकन देऊन टाकलंय. अशा वेळी जुनी माणसं टेकच्या अगदी सुरुवातीला जातात. क्लॅप झालीय, दिग्दर्शकाने "ॲक्शन" अजून म्हटलेलं नाही, आणि नट नुसता बसलाय, ताटाकडे बघत, आपल्याच विचारात. तिथे दोन-तीन सेकंद अशी सापडतात की ती ठरवून अभिनय करून यायची नाहीत. किंवा "कट" झाल्यावर नट सैल पडतो, सुस्कारा टाकतो, तो क्षण. हा तुकडा उचलायचा, मध्ये ताटाचा किंवा मुलीचा पाऊण सेकंद घालायचा म्हणजे सांधा दिसत नाही, आणि मग "बरं" यायला द्यायचं. म्हणून "ॲक्शन"च्या आधीचा आणि "कट"च्या नंतरचा माल कधी फेकायचा नसतो. लग्नाच्या स्टुडिओत हार्ड डिस्कची जागा वाचवायला प्रत्येक क्लिपचा शेंडा-बुडखा उडवायची पद्धत असते. तुला ती सवय लागली असेल तर आजच मोड.

हे ट्यूटोरियलमधून येत नाही, कारण ट्यूटोरियलवाला तुला त्याचा झालेला कट दाखवतो. त्याने काय काय लावून बघितलं आणि काढलं, ते तो दाखवत नाही. शिकण्यासारखं तर त्यातच असतं.

ही शेजारची खुर्ची पूर्वी आपोआप मिळायची. 35 एमएमच्या एका फुटात 16 फ्रेम, 1000 फुटांचं रीळ जेमतेम 11 मिनिटं चालायचं. एडिटर स्टीनबेक नावाच्या एडिटिंगच्या यंत्रापुढे बसलेला आणि असिस्टंट मागे उभा, कापलेले तुकडे खिळ्यांना टांगून, प्रत्येकाचा नंबर लक्षात ठेवून. "ती वळते त्याच्या आधीचा दे" म्हटलं की त्याने तो तुकडा शोधून हातात द्यायचा. दिवसभर देता-घेता, कुठला तुकडा का मागितला हे त्याच्या अंगात मुरत जायचं. हृषीकेश मुखर्जी कलकत्त्याच्या न्यू थिएटर्समध्ये सुबोध मित्रांच्या हाताखाली एडिटिंग शिकले, 1951 मध्ये बिमल रॉय यांच्याबरोबर मुंबईत आले, 'दो बिघा जमीन' त्यांनी कापला, आणि दिग्दर्शक झाले ते नंतर.

कॉम्प्युटर आला आणि तुकडा शोधायला माणूस लागेनासा झाला. असिस्टंट दुसऱ्या खोलीत गेला, पुष्कळदा रात्रपाळीत. तो माल लावून ठेवतो आणि सकाळी एडिटर येईपर्यंत घरी झोपलेला असतो. दोन-तीन वर्षं असिस्टंट राहून एकही सीन डोळ्यांदेखत कापला जाताना न बघितलेली मुलं मी बघितली आहेत. म्हणून मुंबईत जागा धरताना पगाराच्या आधी हे विचार: कट चालू असताना मला खोलीत बसता येईल का? रोज तासभर, गप्प बसून. यावर जो "देखेंगे" म्हणेल त्याच्याकडे चार पैसे जास्त मिळत असले तरी दुसरीकडेही विचारून ठेव.

आता असिस्टंट प्रत्यक्षात काय करतो ते. तुला हे काम यायलाच हवं, कारण दारातून आत याच कामावर घेतात. सेटवरून डिस्क येते. चित्र वेगळं, आवाज वेगळा. ध्वनिमुद्रक आपल्या यंत्रावर वेगळं रेकॉर्डिंग करतो. क्लॅपच्या फळ्या एकमेकींना भिडल्या ती फ्रेम चित्रात शोधायची, आवाजाच्या लहरीत त्याच टाळीचा टोकदार काटा शोधायचा, दोन्ही जुळवायचं. टाइमकोड, म्हणजे चित्र आणि आवाज दोन्हींवर नोंदलेली वेळ, असेल तर मशीन आपोआप जुळवतं, पण टाइमकोड दगा देतो तेव्हा हातानेच करावं लागतं. मग कापायला हलक्या प्रती, म्हणजे प्रॉक्सी फाइली, बनवायच्या, क्लिपना सीन-शॉट-टेक नंबर द्यायचे, सीनवार बिन, म्हणजे क्लिपांचे फोल्डर, लावायचे. दिग्दर्शकाच्या मदतनिसाने लिहिलेल्या कागदावर कुठल्या टेकपुढे ओके आहे आणि कुठल्यापुढे "फोकस गेला" आहे, ते टिपून ठेवायचं. शेवटी कट पक्का झाला, ज्याला पिक्चर लॉक म्हणतात, की आवाजवाल्यांना एएएफ, रंगवाल्यांना एक्सएमएल किंवा ईडीएल (कुठला तुकडा कुठे लागलाय हे सांगणाऱ्या फाइली), सोबत टाइमकोड छापलेला व्हिडिओ, आणि चित्र सुरू व्हायच्या बरोबर दोन सेकंद आधी एक फ्रेमचं "बीप". ते बीप नसलं तर ध्वनीच्या स्टुडिओतून फोन येतो आणि तो प्रेमाचा नसतो.

लग्नाच्या कामाकडे नाक मुरडू नकोस. या शिस्तीसाठी त्याच्याइतका कच्चा माल सिनेमातही मिळत नाही. तुझ्याकडे एका लग्नात तीन कॅमेरे येतात, एक सेकंदाला 25 फ्रेमवर, एक 50 वर, ड्रोनवाल्याने 30 वर ठेवलेलं, आणि नवरीच्या मावशीने मोबाइलवर घेतलेलं वेगळंच. आपल्याकडे वीज 50 हर्ट्झची. 30 फ्रेम आणि शटर 1/60 सेकंदावर ठेवून घेतलं की हॉलच्या ट्यूबलाइट लुकलुकताना दिसतात. 25 फ्रेम आणि 1/50 वर नाही. मोबाइलचा फ्रेम रेट घेता घेता बदलत असतो, म्हणून लांब क्लिपमध्ये मंगलाष्टकांचा आवाज शेवटी ओठांच्या पुढे किंवा मागे पळतो. आधी ती क्लिप स्थिर फ्रेम रेटवर बदलून घ्यायची, मग टाइमलाइनवर आणायची. हे सगळं तू करतच असशील. आता ते लिहून काढ: कुठल्या कॅमेऱ्याला काय केलं, क्रमाने, अनोळखी माणसाला वाचून कळेल असं. मुंबईतल्या असिस्टंटला तुझा चकचकीत टीझर दाखवण्यापेक्षा हा कागद दाखव. तो टीझर बघणार नाही, कागद वाचेल.

लग्नाच्या व्हिडिओने लागणारी वाईट सवय म्हणजे गाणं. ठेक्यावर कट मारला की सगळंच छान वाटतं. त्यावर उपाय म्हणून एका लग्नाची पाठवणी गाण्याशिवाय काप. फक्त तिथला आवाज: गाडीचं दार, आत्याचं "रुमाल घेतलास का", मागून कोणीतरी हाक मारतंय. चार मिनिटांची. गाणं काढल्यावर कुठला शॉट उभा राहतो आणि कुठला आडवा होतो ते दिसेल. पार्टीला देऊ नकोस, ती गाणंच मागणार. आपल्यासाठी ठेव.

आणखी एक इंदुरी सोय सांगतो. सानंद या इथल्या संस्थेची मराठी नाटकं येतात तेव्हा वेगवेगळ्या सभासद गटांसाठी एकाच नाटकाचे पाठोपाठ प्रयोग होतात. ओळखीपाळखीने एकाच नाटकाचे दोन प्रयोग बघ. तोच नट, तेच वाक्य, पण सकाळच्या प्रयोगात हशा लवकर येतो, संध्याकाळी उशिरा, आणि मुरलेला नट त्याप्रमाणे पुढचं वाक्य धरून ठेवतो. किती थांबतो, समोरचा नट त्या वेळात काय करतो, ते बघ. विराम कुठे आणि केवढा, हे त्याला रंगमंचावर त्या घटकेला ठरवावं लागतं. तुला तेच महिन्याभराने खोलीत बसून ठरवायचंय, आणि समोर हसणारं कोणी नसताना.

न कापणं हेही एडिटिंगच असतं, हे कळायला रिखव देसाईंनी संकलित केलेला 'कोर्ट' (2014) बघ. स्थिर कॅमेरा, लांब शॉट, माणसं फ्रेममध्ये येतात-जातात आणि कट येत नाही. शेवटाकडे कोर्टाला सुटी लागते, दिवे मालवले जातात, पडदा काळा होतो आणि काळाच राहतो. संपला असं वाटेपर्यंत राहतो. नवशिक्याचा हात अशा जागी शिवशिवतो.

खुर्ची मिळवायची कशी? माझ्या मते तुझी वाट इंदूरातूनच निघते, आणि ती महेश्वर-भोपाळवरून जाते. मध्य प्रदेशात आता मुंबईची शूटिंगची युनिटं सारखी येतात. चंदेरीत 'स्त्री' (2018) झाला, सीहोरजवळच्या महोडिया गावात 'पंचायत' ही मालिका झाली, महेश्वरचा घाट तर आपल्यापासून नव्वदेक किलोमीटर. युनिटला सेटवर कॅमेऱ्याचं कार्ड डिस्कवर उतरवून घेणारा माणूस लागतो, डीआयटी (डिजिटल इमेजिंग टेक्निशियन) किंवा त्याचा मदतनीस. मोठ्या युनिटचा डीआयटी मुंबईचाच असतो, पण मदतनीस, दुसऱ्या युनिटचा माणूस, जाहिरातीच्या दोन दिवसांच्या कामाचा माणूस इथलाच मिळाला तर निर्मात्याचा प्रवास आणि हॉटेल वाचतं. इंदूर-भोपाळच्या लाइन प्रोड्यूसरांकडे, म्हणजे शूटिंगची इथली व्यवस्था बघणाऱ्यांकडे, नाव नोंदवून ठेव.

काम सांगायला सोपं आहे. कार्ड दोन वेगवेगळ्या डिस्कवर उतरवायचं, नुसतं कॉपी-पेस्ट नाही, चेकसम पडताळणाऱ्या, म्हणजे प्रत मुळाशी तंतोतंत जुळते का ते तपासणाऱ्या सॉफ्टवेअरने. दोन्ही प्रती पडताळल्याशिवाय कार्ड फॉरमॅटला द्यायचं नाही, मग कॅमेरा असिस्टंट डोक्यावर उभा राहून ओरडत असला तरी. क्लिपा उघडून सुरुवात-मध्य-शेवट बघायचा. संध्याकाळी अहवाल: कुठलं कार्ड, किती क्लिपा, किती जीबी, कुठल्या डिस्कवर, कुठे अडचण. हा अहवाल मुंबईत एडिटरच्या असिस्टंटकडे जातो. सलग दहा-पंधरा दिवस व्यवस्थित अहवाल आले की त्याला तुझं नाव पाठ होतं. मग एके दिवशी तो आवाजाच्या फाइलीबद्दल विचारायला फोन करतो, आणि तुझी ओळख झालेली असते. मी आजवर जी मुलं ठेवून घेतली त्यातली बरीच अशा फोनवरूनच कळलेली. निव्वळ व्हिडिओची लिंक पाठवून आलेलं क्वचितच कोणी.

लिंक पाठवायचीच असेल तर एडिटरला पाठवू नकोस, त्याच्या पहिल्या असिस्टंटला पाठव. नावं सिनेमाच्या शेवटच्या श्रेयनामावलीत असतात, जिथे लोक उठून चालू लागतात. माणूस ठेवायची गरज आधी असिस्टंटला कळते, कारण जागरणं त्याची होतात. आणि लिंकमध्ये मिनिटभराचा खणखणाट नको. संवादांचा एकच सीन ठेव, तीन मिनिटांचा, दोन प्रकारे कापलेला, खाली चार ओळी: पहिल्यात सीन कोणाचा आहे, दुसऱ्यात कोणाचा. सीन कुठून आणायचा? आपल्याकडे हौशी नाटकवाले कमी नाहीत. सुदामा नगरातलं कोणाचं तरी स्वयंपाकघर एका रविवारी माग, दोन नट, एक फोन तिकाटण्यावर, एक साधा कॉलर माइक. वरचाच सीन घेतलास तरी चालेल, माझी हरकत नाही.

आता आईच्या मताकडे. पुण्याची संस्था 1960 मध्ये प्रभात स्टुडिओच्या जागेत सुरू झाली, कलकत्त्याची सत्यजित राय इन्स्टिट्यूट 1995 मध्ये. दोन्हीकडे पदवीनंतरचा एडिटिंगचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम आहे, दोन्हीकडे प्रवेश परीक्षा, आणि जागा फार थोड्या. तिथे मिळतं ते सॉफ्टवेअर नव्हे. तीन वर्षं जगभरचा सिनेमा मोठ्या पडद्यावर, आणि बरोबरची मुलं. तुझ्याबरोबर दिग्दर्शन शिकणारा मुलगा दहा वर्षांनी सिनेमा करतो तेव्हा तो वर्गातल्याच एडिटरला फोन लावतो. एडिटर रेणू सलुजा पुण्याच्या संस्थेतल्या, 'परिंदा'पासून 'गॉडमदर'पर्यंत चार राष्ट्रीय पुरस्कार. नम्रता राव कलकत्त्याच्या इन्स्टिट्यूटमधल्या, 'कहानी'साठी राष्ट्रीय पुरस्कार. राजकुमार हिरानी नागपूरहून पुण्याला गेले ते एडिटिंग शिकायला, आणि 'मिशन काश्मीर' कापल्यानंतर दिग्दर्शक झाले. तेव्हा परीक्षा दे. एका वेळी नाही झालं तर दुसऱ्यांदा दे. पण त्यासाठी काम थांबवू नकोस, कारण मुलाखतीत "सध्या काय करता" हे विचारतातच. भरमसाठ फी घेऊन सहा महिन्यांत "फिल्म एडिटर" करून देणारे क्लास मात्र टाळ. ते जे शिकवतात ते तुला आत्ताच येतं.

आईला आणखी एक सांग. हिंदी सिनेमात एडिटरच्या खुर्चीत बायका बऱ्याच वर्षांपासून आहेत आणि अगदी वरच्या नावांत आहेत: रेणू सलुजा, आरती बजाज, दीपा भाटिया, नम्रता राव. रात्री मात्र होतात, हे खरं. घर स्टुडिओच्या जवळ घे, भाडं जास्त पडलं तरी. वर्सोव्याच्या आराम नगरात आणि आसपास कटिंगच्या खोल्याच खोल्या आहेत, त्या भागात तिघी-चौघी मिळून घर घेतात.

पैशाचं थोडक्यात. असिस्टंटला महिन्याचे पैसे मिळतात आणि सुरुवातीला ते मुंबईच्या भाड्यापुढे तोकडे पडतात. पहिलं वर्ष घरून आधार लागेल हे धरूनच बाबांशी बोल. एडिटरला पूर्ण सिनेमाचे ठरतात आणि टप्प्याटप्प्याने येतात: सही, पहिला कट, पिक्चर लॉक, शेवटची सुपूर्दगी. शेवटचा हप्ता अडकतो, हे गृहीत धर. माझाही एका निर्मात्याकडे अडकलेला आहे, सिनेमा येऊन गेला, तो अजून "अगले हफ्ते" म्हणतो. म्हणून कागदावर दोन गोष्टी हव्यातच: पैशात किती फेऱ्यांचे बदल धरलेत, आणि काम किती महिन्यांत संपायचं. बदलांची संख्या लिहिली नाही तर निर्मात्याच्या मेव्हण्याच्या सूचनाही फुकटात घालाव्या लागतात. रॉयल्टी एडिटरला नाही. कॉपीराइट कायद्यात चित्रपटाचा कर्ता निर्माता असतो, आणि 2012 च्या दुरुस्तीने गीतकार, संगीतकार, लेखकांना जो वाटा मिळाला त्यात आपण नाही. तेव्हा ठरवायचं ते आधीच ठरव. पैसे बहुतेक वेळा 10 टक्के टीडीएस कापून येतात. उत्पन्न कमी असेल तर विवरणपत्र भरून ते परत मिळतात, आणि कित्येक मुलं आळसाने भरत नाहीत. मुंबईत एडिटरांची संघटना आहे, असोसिएशन ऑफ फिल्म अँड व्हिडिओ एडिटर्स. काम लागलं की सभासद हो. थकबाकीच्या वेळी एकट्याच्या फोनपेक्षा संघटनेच्या पत्राला वजन असतं.

आता बाबांचं एआय. त्यांनी वाचलंय ते चूक नाही. बोललेलं लिहून काढणं, बोलण्यातल्या रिकाम्या जागा उडवणं, चेहऱ्यावरून क्लिपा शोधणं, मागचा जनरेटर पुसून आवाज स्वच्छ करणं, हे आज मशीन करतं आणि बरं करतं. भंवरकुआंच्या कोचिंग क्लासांची लेक्चरं कापणारी जी मुलं आहेत त्यांचं काम निम्म्याने कमी होईल. लग्नाचे हायलाइटही मशीन लावून देईल, कारण ते मुळात ठेक्यावरच लावलेले असतात. 12 फ्रेमचं "बरं" की 30 फ्रेमचं, हे मात्र दिग्दर्शकाला कोणाशी तरी बोलून ठरवायचं असतं. त्याला खोलीत असा माणूस हवा असतो जो म्हणेल, "हा सीन वडिलांचा आहे, तुम्ही उगाच मुलीचा करताय," आणि दिग्दर्शक चिडला तरी संध्याकाळी दोन्ही प्रकार लावून दाखवेल.

मला काळजी वेगळ्याच गोष्टीची आहे. आवाज जुळवणं, लिहून काढणं, क्लिपा निवडणं ही कामं कंटाळवाणी होती, पण त्यांच्या निमित्ताने नवी मुलं दाराच्या आत येत होती. ती मशीनने केली की निर्माता म्हणणार, दोन असिस्टंट कशाला, एकच ठेवा. त्या एकात तुझा नंबर लागायचा तर सीन कापता येतो हे तुला पूर्वीच्या मुलांपेक्षा लवकर दाखवावं लागेल. म्हणून वर त्या स्वयंपाकघराच्या सीनवर इतका वेळ घातला.

राहिला कॉम्प्युटर. तेवढ्याच पैशात डेस्कटॉप जास्त ताकदीचा येतो, पण तुला सेटवर डेटाचं काम करायचंय आणि वर्षाने गाव बदलायचंय, तेव्हा लॅपटॉप घे. 32 जीबी रॅम, आत 1 टीबीची एसएसडी, ग्राफिक्स कार्ड मध्यम. सगळ्यात महागडं मशीन नको. मुंबईत मशीन स्टुडिओचं असतं. वाचलेल्या पैशांतून दोन बाहेरच्या डिस्क घे, एकच मोठी नको, आणि एक चांगला बंद कानांचा हेडफोन. ब्लूटूथवाला नको, त्यात आवाज चित्रामागे रेंगाळतो. रिझॉल्व्हची फुकट आवृत्ती तुला पुरेल. मुंबईत मोठ्या सिनेमांना अजून ॲव्हिड हे सॉफ्टवेअर चालतं, तर जायच्या आधी महिनाभर त्याचं भाडं भरून हात बसवून घे. कटची तत्त्वं तीच आहेत, पण बिनची आणि ट्रिमची, म्हणजे कट पुढेमागे सरकवायची, पद्धत वेगळी आहे, आणि पहिल्याच दिवशी "ट्रिम मोड कुठे असतो" विचारलंस तर तुला रात्रपाळीच्या खोलीत पाठवतील.